‘डी’ म्हणजे दुसरी भेट नव्हे: मारहाणीच्या जखमा, पुढच्या भेटी आणि कोडिंग



वर्गीकरण म्हणजे काय, माणूस जगाचे कप्पे का पाडतो, यावर या व्याख्यानमालेत आपण बोलत आलो आहोत. आजचा विषय जाहीर झाल्यावर एका स्नेह्यांनी फोन करून विचारलं, की तत्त्वज्ञानाच्या माणसानं मेडिकल कोडिंगवर काय बोलायचं? प्रश्न रास्त आहे. आमचं म्हणणं एवढंच, की कारण, हेतू, संशय आणि निर्णय हे चार शब्द आम्ही आयुष्यभर वर्गात शिकवले. पण त्यांच्याशी रोज, दिवसाला ठरलेल्या चार्टांच्या हिशेबानं झुंजणारी माणसं आम्हाला दिसली ती कोडिंगच्या ऑफिसांत. आमच्या जुन्या विद्यार्थिनींपैकी दोघी पुण्यात हे काम करतात. त्यांच्याशी बोलताना लक्षात आलं, की आम्ही ज्याला ‘उदाहरणार्थ’ म्हणून सोडून देतो, ते त्यांना सातव्या अक्षरापर्यंत ठरवावं लागतं.

आधी हे काम काय आहे ते थोडक्यात. अमेरिकेत रुग्ण डॉक्टरकडे जातो, डॉक्टर तपासणीची नोंद लिहितात. ती नोंद वाचून कोडर त्यातल्या प्रत्येक निदानाला एक संकेतांक देतो, आणि तो संकेतांक बिलाबरोबर विमा कंपनीकडे जातो. डॉक्टरनं काय केलं याचे संकेत वेगळे असतात, ते आज बाजूला ठेवू. रुग्णाला काय झालं याचे संकेत ‘आयसीडी-१०-सीएम’ या यादीतून येतात. तिचं मूळ कुळ जागतिक आरोग्य संघटनेच्या यादीत आहे, आणि त्याही मागे गेलो तर १८९३ साली फ्रेंच संख्याशास्त्रज्ञ जाक बर्तियों यांनी मांडलेल्या मृत्यूच्या कारणांच्या यादीत. म्हणजे सुरुवात मेलेल्या माणसांच्या मोजणीपासून झाली. जिवंत माणूस पुन्हा पुन्हा डॉक्टरकडे येतो, ही अडचण त्या यादीला तेव्हा नव्हतीच. अमेरिकेनं आपली विस्तारलेली आवृत्ती १ ऑक्टोबर २०१५पासून लागू केली, तिच्यात सुमारे सत्तर हजार संकेत आहेत. हे चार्ट वाचण्याचं बरंचसं काम चेन्नई, हैदराबाद, पुणे, नवी मुंबई इथे बसून होतं. फार्मसी, फिजिओथेरपी, होमिओपॅथी, जीवशास्त्र शिकलेली आपली मुलंमुली ते करतात.

आता आजचा मुद्दा. आपण एक काल्पनिक रुग्ण घेऊ. अमेरिकेतल्या एखाद्या गावात राहणारी, पस्तिशीतली बाई. घरात नवऱ्यानं तोंडावर ठोसा मारला. नाकाचं हाड मोडलं, कपाळाला खोक पडली. रात्री ती इमर्जन्सीत गेली. तिथे कपाळाला टाके घातले, नाकाचा एक्स-रे झाला. सूज उतरू द्या आणि मग कान-नाक-घशाच्या डॉक्टरांना दाखवा, असं सांगून तिला घरी पाठवलं. पाचव्या दिवशी तिनं नेहमीच्या डॉक्टरकडे टाके काढून घेतले. आठव्या दिवशी तज्ज्ञांनी नाकाचं हाड जागेवर बसवलं. तीन आठवड्यांनी त्यांनीच नाक पुन्हा तपासलं. एक दुखापत आणि चार भेटी. एवढं ध्यानात ठेवा.

या यादीत जखमेला दोन प्रश्न विचारतात. पहिला: शरीराला काय झालं? त्याचे संकेत ‘एस’ आणि ‘टी’ या अक्षरांनी सुरू होतात. नाकाचं हाड मोडणं ‘एस ०२.२’, कपाळाची खोक ‘एस ०१.८१’. दुसरा प्रश्न: हे कशानं झालं? त्याची उत्तरं ‘व्ही’ ते ‘वाय’ या अक्षरांच्या घरात आहेत. आपल्याकडच्या न्याय-वैशेषिकांची भाषा वापरायची, तर घडा मातीचा असतो, माती हे समवायी कारण. आणि कुंभार हे निमित्त कारण. मोडलेल्या हाडाच्या संकेतात फक्त हाड आहे. ज्याच्या मुठीनं ते मोडलं ते निमित्त दुसऱ्या संकेतात आहे. आणि यादीचा नियम असा, की निमित्ताचा संकेत कधीही पहिल्या क्रमांकावर लिहायचा नाही. आधी जखम, मग तिचं कारण. बिल जखमेचं होतं, कारणाचं होत नाही. कारणाचा संकेत देणं देशभर सक्तीचंही नाही. एखाद्या राज्याचा किंवा विमा कंपनीचा तसा आदेश असेल तर द्यावा लागतो, एरवी ‘द्यावा, चांगलं आहे’ एवढंच. जिथे पैसे नाहीत आणि सक्ती नाही, तिथे घाईच्या कामात काय गळतं हे आम्ही सांगायला नको.

दुसऱ्या माणसानं जाणूनबुजून केलेल्या इजेचं घर ‘एक्स ९२’पासून ‘वाय ०९’पर्यंत आहे. बुडवणं, पिस्तूल, बंदूक, जाळणं, धारदार वस्तू, बोथट वस्तू, उंचावरून ढकलणं, गाडी अंगावर घालणं, आणि नुसत्या अंगबळानं मारणं, म्हणजे ‘वाय ०४’. आमच्या रुग्णाचा ठोसा या ‘वाय ०४’मध्ये बसतो. जाता जाता एक गोष्ट: पोलिसाच्या दंडुक्यानं झालेली जखम या घरात येत नाही. तिला ‘वाय ३५’, कायदेशीर कारवाई, असं वेगळं घर आहे. दंडुका तोच आणि डोकंही तेच, वर्णन बदललं की कृत्य बदलतं. एलिझाबेथ अँस्कम यांनी १९५७च्या ‘इंटेन्शन’ या छोट्या पुस्तकात हाच मुद्दा धरला होता, की कृत्य हेतुपूर्वक आहे की नाही हे ते कोणत्या वर्णनाखाली पाहतो त्यावर ठरतं. त्यांचं उदाहरण वेगळं होतं; आमचं तुम्हाला रोजच्या वर्तमानपत्रात सापडेल.

आता सातवं अक्षर. जखमेच्या संकेताला सातव्या जागी एक अक्षर लागतं. संकेत आखूड असेल तर मधल्या रिकाम्या जागा ‘एक्स’नं भरायच्या, त्या एक्सला अर्थ नाही, आपण रांगेत रुमाल टाकून जागा धरतो तसा तो असतो. सातव्या जागी ‘ए’ म्हणजे प्रारंभिक, ‘डी’ म्हणजे नंतरचा, आणि ‘एस’ म्हणजे मागे उरलेला परिणाम. हाड मोडलं असेल तर आणखी अक्षरं आहेत: उघडी जखम असलेलं हाड, उशिरा जुळणारं हाड, न जुळलेलं हाड. त्यात आज शिरत नाही.

‘ए’ म्हणजे पहिली भेट आणि ‘डी’ म्हणजे पुढची भेट, असं कोणालाही वाटेल. अक्षरांची इंग्रजी नावंच तसं सुचवतात. शिकाऊ कोडर हमखास इथे चुकतात, आणि आमच्या मते दोष त्यांचा कमी, नाव ठेवणाऱ्यांचा जास्त. नियम भेटी मोजत नाही. दुखापतीवर प्रत्यक्ष उपचार चालू असेतोवर ‘ए’. ते संपून जखम भरण्याच्या वाटेवर असेल आणि नेहमीची देखभाल चालू असेल, तर ‘डी’. डॉक्टर नवा आहे की जुना, भेट पहिली की पाचवी, याच्याशी संबंध नाही.

आमच्या रुग्णाला हा नियम लावून बघा. इमर्जन्सीत नाक आणि कपाळ दोन्ही ‘ए’. पाचव्या दिवशी टाके काढले: कपाळावरचा उपचार झालेला आहे, जखम भरते आहे, म्हणून ‘डी’. पूर्ण संकेत ‘एस ०१.८१एक्सडी’. आठव्या दिवशी तज्ज्ञांनी नाकाचं हाड बसवलं. कॅलेंडरप्रमाणे ही तिसरी भेट, पण नाकावरचा खरा उपचार आज होतो आहे, म्हणून पुन्हा ‘ए’: ‘एस ०२.२एक्सएक्सए’. तीन आठवड्यांनंतरची तपासणी ‘डी’. म्हणजे क्रम लागला ए, डी, ए, डी. एकाच शरीरात कपाळ पुढे गेलं आणि नाक मागे राहिलं. काळ प्रत्येक जखमेचा आपापला असतो, हे इथे कवितेत म्हणतात तसं म्हणायचं नाही, हा बिलाचा नियम आहे.

आणखी एक पारंपरिक चूक. टाके काढायला आलेल्या माणसाला ‘झेड’ या घरातला पश्चात-देखभालीचा संकेत द्यावा, असा मोह होतो. तिथे टाके काढण्यासाठी स्वतंत्र संकेत आहेही. पण दुखापतीच्या बाबतीत नियम स्पष्ट आहे: दुखापतीचाच संकेत ठेवा आणि सातवं अक्षर ‘डी’ करा. ‘झेड ०९’ हा उपचारानंतरच्या तपासणीचा संकेत तेव्हाच, जेव्हा उपचार पूर्ण झाले आहेत आणि ती व्याधी आता उरलेलीच नाही. आम्हाला हा नियम फार आवडला. ‘झेड’चा संकेत दिला असता, तर त्या भेटीच्या बिलावर ‘टाके काढले’ एवढंच राहिलं असतं. ‘डी’मुळे जखम तिच्या नावानिशी टिकते.

जखम टिकते. कारणाचं काय?

कारणाच्या संकेतालाही सातवं अक्षर असतं, आणि ते जखमेच्या अक्षराशी जुळलं पाहिजे. जखमेवर ज्या ज्या भेटीत उपचार होतो त्या त्या भेटीत कारणाचा संकेतही द्यावा, असं मार्गदर्शक नियम सांगतात. म्हणजे टाके काढण्याच्या भेटीत ‘वाय ०४’ही असायला हवा, शेवटी ‘डी’ लावून. याउलट घटना कुठे घडली, स्वयंपाकघरात की रस्त्यावर, त्याचा ‘वाय ९२’ हा संकेत फक्त एकदाच, सुरुवातीच्या भेटीत द्यायचा. आम्ही यावर बराच विचार केला. जागा एकदाच आणि मारहाण दर वेळी, असं का? नियम लिहिणाऱ्यांनी कारण दिलेलं नाही. आम्हाला वाटतं ते असं: जागा ही घटनेची गोष्ट आहे आणि घटना एकदाच घडली. मारहाण मात्र जखमेचं कारण आहे, आणि जखम आहे तोवर तिचं कारण तिच्यासोबत चालतं. घडा आहे तोवर तो कुंभारानं केलेलाच असतो, कुंभार गाव सोडून गेला तरी.

कागदावर इथपर्यंत सगळं नीट आहे. प्रत्यक्षात काय होतं ते बघा. पाचव्या दिवशी नेहमीच्या डॉक्टरकडे दहा मिनिटांची भेट आहे. डॉक्टर लिहितात: कपाळाची जखम, टाके काढले, भरते आहे, संसर्ग नाही. बस. कशानं झाली हे इमर्जन्सीच्या कागदात होतं, ते या कागदात नाही. कोडरनं काय करायचं? प्रत्येक भेट स्वतःच्या नोंदीवर उभी राहते, हा या व्यवसायाचा मूळ शिस्तीचा नियम आहे. मागच्या कागदातून निदान आपल्या मनानं उचलून आजच्या कागदात घालता येत नाही. तेव्हा कारण गळतं. कोणी खोटं लिहिलेलं नसतं. कोणी दडपलेलंही नसतं. दुसऱ्या भेटीच्या कागदावर मात्र ती बाई कपाळावर खोक असलेली एक बाई होऊन जाते.

याहून नाजूक प्रसंग तेव्हा येतो, जेव्हा कारण अर्धवट लिहिलेलं असतं. समजा डॉक्टरनं लिहिलं, ‘दुसऱ्या व्यक्तीचा चेहऱ्यावर फटका’. मुद्दाम मारलं की खेळताना लागलं, काही नाही. मार्गदर्शक नियम म्हणतो: हेतू अज्ञात असेल किंवा नमूद नसेल, तर अपघात समजा. आणि अपघाताच्या घरात त्यासाठी कप्पाही तयार आहे, ‘डब्ल्यू ५०’: दुसऱ्या माणसाचा अपघातानं लागलेला फटका, लाथ, चावा, ओरखडा. अपघातानं चावा! लहान मुलांच्या बाबतीत होतो खरा, पण असो.

या नियमाच्या बाजूनं बोलता येतं, आणि आधी ते बोललं पाहिजे. कोडरनं रुग्णाला पाहिलेलं नाही. तो हजारो मैलांवर बसून टाइप केलेली नोंद वाचतो आहे. त्याच्या अंदाजावर कोणाच्या तरी नवऱ्यावर मारहाणीचा शिक्का बसावा, हे कोणालाच मान्य होणार नाही. आरोप सिद्ध होईतो निर्दोष, असं आपण म्हणतो, त्याचाच हा धाकटा भाऊ. शिवाय इजांची मोजदाद करणारे अभ्यासक बहुधा ‘ए’च्या नोंदीच धरतात, नाहीतर एक ठोसा चार भेटींत चार वेळा मोजला जाईल. म्हणून ‘डी’च्या भेटीत कारण गळलं तर आकडेवारी फारशी बिघडत नाही, हेही खरं.

पण ‘अपघात’ म्हणजे मौन नव्हे, मंडळी. ते एक विधान आहे. ‘मला माहीत नाही’ आणि ‘चुकून झालं’ ही दोन वाक्यं एक नाहीत, हे तर्कशास्त्राच्या पहिल्या वर्षाचा विद्यार्थीही सांगेल. यादीत ‘हेतू ठरवता आला नाही’ असं घर आहे, ‘वाय २१’ ते ‘वाय ३३’. पण त्याला किल्ली वेगळी आहे. डॉक्टरनं स्पष्ट लिहायला हवं, की आम्ही पाहिलं आणि हेतू ठरवता येत नाही. कोणी विचारलंच नाही, तर ते ‘ठरवता आलं नाही’ होत नाही, ते अपघात होतं. म्हणजे प्रयत्न करून न कळलेलं आणि न विचारल्यामुळे न कळलेलं, यांत यादी फरक करते, आणि न विचारण्याचा फायदा मारणाऱ्याच्या पदरात टाकते. आमचा आक्षेप इथे आहे. न विचारलेल्या हेतूसाठी ‘नमूद नाही’ असं साधं घर असतं, तर कोणाचं काही बिघडलं नसतं.

मग मारहाण घरातली असेल तर काय? अमेरिकन यादीत प्रौढांच्या आणि मुलांच्या छळासाठी ‘टी ७४’ आणि ‘टी ७६’ असे दोन संकेत आहेत. पहिला खात्री झालेल्या छळाचा, दुसरा संशयाचा. ते जखमेच्याही आधी, पहिल्या क्रमांकावर येतात. संशय होता पण तपासणीअंती तो फिटला, तर तिसरंच घर, ‘झेड ०४’मधलं. न्यायसूत्रांनी सोळा पदार्थ सांगितले, त्यांत संशय आणि निर्णय हे दोन वेगळे पदार्थ आहेत. संशय ही निर्णयाची कच्ची अवस्था म्हणून सोडून दिलेली नाही, त्याला स्वतःचं स्थान आहे. इथेही तसंच. बाह्यरुग्ण विभागात ‘संभाव्य न्यूमोनिया’ असं लिहिलं असेल तर कोडर न्यूमोनियाचा संकेत देत नाही, लक्षणांचा देतो. संशयाला तिथे संकेत नाही. छळाच्या बाबतीत मात्र संशयाला मुद्दाम संकेत दिला आहे. ज्यांनी हा अपवाद केला त्यांना माणसं ठाऊक होती.

खात्री असेल तरच मारहाणीचा संकेत आणि मारणारा कोण, नवरा, बाप, भाऊ, जोडीदार, याचा ‘वाय ०७’मधला संकेत द्यायचा. नुसता संशय असेल तर हे दोन्ही द्यायचे नाहीत. आता खात्री कोणाची? पोलिसांची नाही, न्यायालयाची नाही. डॉक्टरनं नोंदीत तसं लिहिलं एवढीच. हा निर्णय वैद्यकीय आहे, कायद्याचा नाही, हे पुन्हा पुन्हा सांगावं लागतं, कारण नवा कोडर घाबरतो. ‘टी ७४’ लिहिलं म्हणजे आपण कोणाला शिक्षा केली, असं त्याला वाटतं.

आता पुढच्या भेटींचं खरं महत्त्व इथे आहे. पहिल्या रात्री नवरा शेजारी उभा असतो. बाई सांगते, दार लागलं. डॉक्टरला खरं वाटत नाही, ते संशय लिहितात. किंवा तेही लिहीत नाहीत. तीन आठवड्यांनी ती एकटी येते, नाक तपासून होतं, आणि उठता उठता ती सांगते. डॉक्टरांच्या ध्यानात हे नेहमी येतं, की महत्त्वाची गोष्ट दाराच्या मुठीला हात लावल्यावर बाहेर पडते. डॉक्टर लिहितात: नवऱ्यानं मारल्याचं आज सांगितलं, जखमा त्याच्याशी जुळतात. या भेटीचे संकेत काय? ‘टी ७४’ आधी, मग नाकाचा ‘डी’, मग ‘वाय ०४’ ‘डी’सह, मग मारणाऱ्याचा संकेत. आणि पहिल्या रात्रीचे? ते तसेच राहतात. त्या रात्री जे कळलं होतं ते त्या रात्रीच्या कागदावर. आज कळलेलं आजच्या कागदावर. मागे जाऊन खोडायचं नाही.

काही जणांना हे विचित्र वाटतं: एकाच नाकाच्या फाइलमध्ये आधी अपघात आणि नंतर मारहाण, यात खोटं कोणतं? आमचं उत्तर असं, की दोन्ही नोंदी ज्ञानाच्या आहेत, नाकाच्या नाहीत. ज्ञान बदललं. उलट जुनी नोंद बदलली असती, तर बाईला पहिल्या रात्री बोलता आलं नव्हतं, ही गोष्ट पुसली गेली असती. आणि म्हणूनच, तिसऱ्या-चौथ्या भेटीत ‘नाक ठीक’ एवढं लिहून मोकळं होणारे डॉक्टर आम्हाला पहिल्या रात्रीच्या घाईतल्या डॉक्टरपेक्षा जास्त खटकतात. त्या रात्री रक्त थांबवायचं होतं. आज दहा मिनिटं होती.

मग कोडरला संशय आला, तर त्यानं गप्प बसायचं का? नाही. त्याला डॉक्टरला प्रश्न पाठवता येतो. पण प्रश्न सूचक असता कामा नये. ‘ही मारहाण होती ना?’ असं विचारायचं नाही. ‘दुखापतीचं कारण आणि हेतू नोंदीत दिसत नाही, माहीत असल्यास कृपया नमूद करावा’ असं विचारायचं. उलटतपासणीत वकिलाला सूचक प्रश्न चालतो, इथे चालत नाही. आमची एक विद्यार्थिनी म्हणाली, “सर, बिल अडत नसेल तर असा प्रश्न पाठवायला वेळच धरलेला नसतो.” यावर आमच्यापाशी तत्त्वज्ञान नाही. हे व्यवस्थापकांनी ऐकावं.

आता नाण्याची दुसरी बाजू. प्रत्येक वेळी सगळं लिहिलंच पाहिजे, असं आमचं म्हणणं नाही. अमेरिकेत कुटुंबाचा विमा बहुतेकदा एकाच्या नोकरीवर असतो. विमा कंपनी त्या मुख्य सभासदाला हिशेबाचं पत्रक पाठवते: कोणत्या तारखेला, कोणाकडे, कशासाठी. तो सभासद जर मारणारा नवराच असेल, तर? शिवाय आता रुग्णाच्या नोंदी मोबाइलवरच्या पोर्टलमध्ये दिसतात, आणि मोबाइल कोणाच्या हातात असतो हे सांगायला नको. त्या देशाच्या ‘हिपा’ या १९९६च्या कायद्याखालच्या नियमांत तरतूद आहे, की माहिती उघड झाल्यानं धोका आहे असं रुग्णानं सांगितलं, तर विमा कंपनीनं पत्रव्यवहार दुसऱ्या पत्त्यावर किंवा दुसऱ्या मार्गानं करण्याची वाजवी विनंती मानली पाहिजे. पण ती मागावी लागते, म्हणजे मागता येते हे तिला कोणीतरी सांगावं लागतं. हे काम कोडरचं नाही, दवाखान्याचं आहे. ‘टी ७४’ लिहिण्याआधी डॉक्टरनं किंवा नर्सनं बाईला एकटीला गाठून विचारायला हवं, की हा कागद तुमच्या घरी कोण उघडतं.

आपल्याकडे व्यवस्था वेगळी आहे, तिची भेसळ करू नका. इथे मारहाणीचा रुग्ण आला की ‘एमएलसी’ होते, पोलिसांना कळवलं जातं, आणि कागद बिलापेक्षा कोर्टाच्या दिशेनं चालतो. पण पुढच्या भेटीचं महत्त्व इथेही आहे. गंभीर दुखापतीच्या व्याख्येत हाड मोडणं येतंच; त्याशिवाय किती दिवस तीव्र वेदना होत्या किंवा नेहमीची कामं करता आली नाहीत, हाही निकष आहे. जुन्या दंडविधानात तो वीस दिवसांचा होता, १ जुलै २०२४पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत पंधरा दिवसांचा झाला. ते दिवस पहिल्या रात्रीच्या केसपेपरवरून कळत नाहीत, पुढच्या केसपेपरांवरून कळतात. आणि बाईला एकटीला विचारण्याचं काम म्हणाल, तर मुंबईत वांद्र्याच्या भाभा रुग्णालयात २०००च्या सुमारास ‘सेहत’ संस्था आणि महापालिका यांनी सुरू केलेलं ‘दिलासा’ केंद्र हे त्याचं आपल्या घरचं उदाहरण आहे.

एक चिठ्ठी आली आहे, वाचतो. “वर्षभरानंतर रुग्ण कपाळावरच्या व्रणासाठी आला तर ‘डी’ की ‘एस’? आणि भीती, झोप न लागणं, याचं काय?” चिठ्ठी कोडिंग करणाऱ्याचीच दिसते. पहिल्याचं उत्तर: व्रण हा मागे उरलेला परिणाम. आधी व्रणाचा संकेत, मग मूळ खोकेचा संकेत ‘एस’ लावून, मग मारहाणीचा, त्यालाही ‘एस’. व्रणाच्या स्वतःच्या संकेताला हे अक्षर लागत नाही. आणि डॉक्टरनं असा परिणाम लिहिलेला नसेल, नुसती भरण्याची तपासणी असेल, तर वर्ष उलटलं तरी ‘एस’ नाही; इथेही कॅलेंडर बघायचं नाही. भीतीचं म्हणाल, तर डॉक्टरनं आघातानंतरचा मानसिक विकार असं निदान लिहिलं, तर ‘एफ ४३.१’मध्ये त्याचे प्रकार आहेत, तीव्र आणि दीर्घकालीन. समुपदेशनासाठीच भेट असेल तर ‘झेड ६९’. आणि छळ आता थांबलेला असून तो पूर्वेतिहास म्हणूनच नोंदवला असेल, तर ‘झेड ९१.४१’. थांबला आहे का, हे मात्र नोंदीत असलं पाहिजे. ते आपण गृहीत धरायचं नाही.